साडू जामीन राहिला

साडूने कोर्टात जामीनदार म्हणून सही केली त्या दिवशी मला जेवण फार गोड लागलं. बायकोला वाटलं, ट्रक सुटला म्हणून. ट्रकचा आनंद होताच, खोटं कशाला बोलू? पण खरा आनंद हा होता की त्या माणसाचं नाक आता माझ्या चिमटीत आलं होतं. नाक दाबलं की तोंड उघडतं, हे मला कुणी शिकवायला नको होतं.

साडू म्हणजे माझ्या बायकोच्या मोठ्या बहिणीचा नवरा. दारं-खिडक्या बनवायचा कारखाना, दुमजली घर आणि जिभेवर साखर. माझ्याकडे काय, तर एक ट्रक. मालक मी, ड्रायव्हर मी, वेळ पडली तर हमालही मीच. विटा, सिमेंट, लोकांचं घरसामान, मिळेल ते भाडं मारायचं. आमच्या घरातली चूल त्या ट्रकवर पेटत होती.

तर झालं असं, की माझी कंबर धरली. डॉक्टरांनी अंथरुणातून उठायचं नाही म्हणून सांगितलं. बायको दिवसभर शिवणाच्या कारखान्यात, मी छताकडे बघत पडलेला. अशात साडू भेटायला आला. माझ्याच स्वयंपाकघरात शिरून स्वतः चहा केला, मला आधार देऊन बसवलं, पाजला. मग निघताना सहज म्हणाला, "ट्रक नुसताच उभा आहे ना? एका ओळखीच्या माणसाचं सामान हलवायचंय. संध्याकाळपर्यंत आणून लावतो."

मी उशीखालची चावी काढून दिली. परक्याला मी ट्रक कधीच देत नाही. आणि कुणी सामान भरायला आला तर काय भरणार, कुठून उचलणार, कुठे टाकणार, सगळं विचारल्याशिवाय इंजिन चालू करत नाही. पण घरच्या माणसाला असं विचारायचं नसतं. आमच्याकडे सोयऱ्याने वस्तू मागितली की द्यायची. 'कशाला हवी' विचारणं म्हणजे त्याच्या तोंडावर त्याला चोर म्हणणं. तेव्हा मी एवढंच म्हणालो, "डिझेल बघून घ्या."

दुसऱ्या दिवशी सकाळी वनखात्याची माणसं दारात. ट्रक जंगलाच्या कडेला पकडला होता, चोरून तोडलेल्या ओंडक्यांसकट. चालवणारा झाडीत पळून गेला होता. ट्रक जप्त, आणि आता तो कायमचा सरकारजमा का करू नये याची चौकशी चालणार होती.

मी तसाच काठी टेकत साडूच्या घरी गेलो. तो व्हरांड्यात दाढी करत होता. ताई, म्हणजे माझी मेव्हणी, बाजूला भाजी निवडत होती. मी म्हणालो, "माझ्याकडून चावी नेलीत आणि ट्रक जंगलात पकडला गेला. काय केलंत हे?"

त्याने आरशातून माझ्याकडे बघितलं. गालावरचा फेस पुसला. "कसली चावी? कुठला ट्रक? मी तर कितीतरी दिवसांत तुमच्याकडे फिरकलोसुद्धा नाही." आणि मग आवाजात मध घालून, "अहो, त्या कंबरदुखीच्या गोळ्या जपून घ्या हं. फार घेतल्या की माणसाला भास होतात."

ताई माझ्याकडे कीव आल्यासारखी बघत राहिली. तिथेच त्याचा गळा धरला असता, पण कंबर वाकत नव्हती.

घरी येऊन बायकोला सांगितलं. ती हळूच म्हणाली, "अहो, गोळ्यांनी तुम्हाला गुंगी यायची ना... नक्की भाऊजीच आले होते?"

ट्रक गेला त्याचं दुःख एकीकडे आणि हा प्रश्न एकीकडे. इतक्या वर्षांचा संसार, आणि माझ्या शब्दाला किंमत शून्य. त्या दिवसापासून मला दोन गोष्टी हव्या होत्या. ट्रक तर हवाच होता. आणि त्या माणसाने सगळ्यांसमोर, सरकारच्या साहेबासमोर, आपल्या तोंडाने म्हणायला हवं होतं की होय, मी नेला. यातली दुसरी गोष्ट मला पहिलीपेक्षा जास्त हवी होती, हे मी तेव्हाही मनाशी कबूल केलं होतं.

वकीलबाई चांगल्या भेटल्या. तरुण, तुटक बोलणाऱ्या. मी त्यांना म्हणालो, ट्रक माझ्या नात्यातल्या एकाने नेला होता.

"तो पुढे येऊन तसं सांगणार आहे?"

"नाव काढत नाही."

"मग देव पावला समजा. त्याला गप्पच राहू दे. तुम्ही अंथरुणावर होतात, डॉक्टरांचा कागद आहे. ड्रायव्हर कोण, हे कुणालाच माहीत नाही. ते तसंच राहू दे."

त्या पुढेही काहीतरी समजावत होत्या, कायद्यात असं आहे, तसं आहे. माझं लक्ष नव्हतं. माझ्या डोळ्यांसमोर साडूच्या गालावरचा फेस होता. शिवाय वकिलांना सगळ्यांनी गप्प बसलेलंच आवडतं, म्हणजे बोलायला त्या एकट्या उरतात, असं माझं मत.

चौकशी रेंगाळली. तोवर ट्रक खात्याच्या आवारात उभा. मी बघायला गेलो तेव्हा जीव कासावीस झाला. टायर बसलेले, बॅटरी कुणीतरी लांबवलेली, केबिनच्या खिडकीतून एक वेल आत शिरून स्टिअरिंगला मिठी मारून बसलेला. राखणदार ट्रकच्या पायरीवर बसून डबा खात होता. मला म्हणाला, "सावली बरी पडते ह्याची." सावलीसाठी घेतला होता का रे मी तो, असं ओठांवर आलं होतं, पण राग त्याच्यावर नव्हता.

वकीलबाई कोर्टात गेल्या. तिथे त्यांनी एकच मुद्दा लावून धरला: चौकशी अजून चालू आहे, निकाल कुणाच्याही बाजूने लागो, तोवर ट्रक असाच उभा राहिला तर जिंकणाऱ्याच्या हाती भंगार येईल. न्यायाधीशांना पटलं. चौकशी संपेपर्यंत ट्रक मालकाच्या ताब्यात द्या, म्हणाले. पण अटी होत्या. विकायचा नाही, रंग बदलायचा नाही, पुन्हा असल्या कामाला वापरायचा नाही, आणि बोलावतील तेव्हा आणून उभा करायचा. तसं वागेन याची हमी म्हणून एक घरदार असलेला जामीनदार हवा. बोलावल्यावर ट्रक आला नाही, तर जामीनदाराच्या घरावर टाच.

शेवटचं वाक्य ऐकलं आणि माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला.

मी सरळ साडूकडे गेलो. मुद्दाम ताई घरात असताना गेलो, बायकोलाही बरोबर नेलं. हात जोडले. म्हणालो, "झालं गेलं विसरून जा. गोळ्यांच्या गुंगीत मी काहीबाही बोललो. आता आमची चूल पेटवणं तुमच्या हातात आहे. घरदार असलेला दुसरा कोण आहे आम्हाला?"

त्याचा चेहरा उतरला. नाही म्हणावं तर त्याची बायको विचारणार, माझी बायको विचारणार, तुमचा काही संबंध नाही तर मग घाबरता कशाला? ताईच म्हणाली, "अहो, एवढं करा की. आपलीच माणसं आहेत." कुऱ्हाडीचा दांडा गोतास काळ म्हणतात. तो दांडा कसा फिरतो, ते आता त्याला दाखवायचं होतं.

त्याने सही केली. ट्रक घरी आला.

आणि मग माझे सुखाचे दिवस सुरू झाले. नवी बॅटरी घातली, वेल कापून काढला, भाडी मारायला लागलो. पहिल्याच आठवड्यात साडूच्या कारखान्यासमोर ट्रक थांबवून म्हणालो, "ब्रेक जरा उशिरा लागतायत. बघू, चालतंय तोवर चालवतो."

त्याच्या हातातला रंधा थांबला. "अहो, दुरुस्त करून घ्या ना!"

"वेळ कुठे आहे? आता घाटाचं भाडं आहे." आणि निघालो. वळणापर्यंत तो आरशात दिसत होता, रंधा हातात धरून तसाच उभा.

पुढे पुढे तर मी कसबीच झालो. नदीच्या उतारावर ट्रक लावायचा आणि कुणाकडून तरी त्याच्या कानावर घालायचं. लांबच्या भाड्याला जायचं आणि फोन बंद ठेवायचा. घरी यावं तर हा दारात येरझाऱ्या घालत असायचा. रोज सकाळी कारखाना उघडायच्या आधी तो आमच्या गल्लीतून एक चक्कर मारायचा, ट्रक जागेवर आहे का बघायला. मी खिडकीतून बघायचो. एकदा त्याने चाकाला लावायला जाडजूड साखळी आणून दिली, कुलपासकट. एकदा आग विझवायचं नळकांडं. आणि एका रविवारी मी उठून बाहेर आलो तर साडूभाऊ बादली घेऊन माझा ट्रक धूत होते. मळ साचला की पत्रा गंजतो म्हणाले.

"मडगार्डच्या आतूनही घासा," मी सांगितलं आणि पायरीवर बसून चहा प्यायलो. इतकं बरं मला आयुष्यात कधी वाटलं नव्हतं.

बायकोच्या नजरेतून हे सुटलं नाही. "भाऊजी एवढे का घाबरलेत हो?" तिने विचारलं.

"त्यांनाच विचार," मी म्हणालो.

मग तारीख आली. चौकशीचा शेवटचा दिवस. ट्रक चौकशी करणाऱ्या वनखात्याच्या साहेबांच्या कचेरीच्या आवारात आणून उभा करा, मालक आणि जामीनदार दोघांनी हजर राहा. हीच वेळ होती. आदल्या दिवशी सकाळी मी ट्रक वीटभट्टीवाल्या मित्राच्या शेडमध्ये, विटांच्या थप्पीमागे नेऊन लावला आणि पायी साडूकडे गेलो.

"ट्रक सापडत नाही," मी म्हणालो.

तो आधी हसला. मग माझा चेहरा बघून त्याचं हसू विरलं. खुर्ची शोधत मागे सरकला आणि खुर्ची नसताना बसला. जमिनीवरूनच म्हणाला, "उद्या तारीख आहे."

"हो ना. तुमच्या घराचं वाईट वाटतं."

"कुठे ठेवलाय तुम्ही?"

"मला कुठे काय आठवतं, साडूभाऊ? माझ्या गोळ्या!"

हे वाक्य मी किती दिवस तोंडात घोळवत ठेवलं होतं म्हणून सांगू! बोललो आणि अंगावरून मोरपीस फिरलं. तो रडायला लागला. मग मी भाव सांगितला: दोघी बहिणींसमोर खरं बोलायचं, आणि उद्या साहेबांसमोरही. तसं झालं तर ट्रक सापडेल, बहुतेक.

दुपारी आमच्या घरात, बायको आणि ताई समोर बसलेल्या असताना, तो बोलला. कारखान्याला स्वस्तात लाकूड मिळत होतं, मोह झाला, ट्रक मी नेला, चालवत मीच होतो, यांना काही माहीत नव्हतं. ताई उठली, चपला घातल्या आणि नवऱ्यासाठी न थांबता निघून गेली. तो तिच्या मागे धावला.

बायको माझ्याजवळ येऊन बसली. डोळे पुसत म्हणाली, "माझं चुकलं. तुमच्यावर विश्वास ठेवायला हवा होता मी." मग ती म्हणाली, "झालं ना आता? खरं काय ते मला कळलं, ताईला कळलं. आता उद्या ट्रक घेऊन जा, आणि वकीलबाई सांगतात तसं गप्प राहा. भाऊजींनाही राहू दे गप्प."

"साहेबासमोर बोलायला लावणार आहे मी त्याला."

"कशाला आता?"

"कशाला म्हणजे? मी त्याच्या दारात काठी टेकत गेलो होतो!"

"आपल्याला ट्रक हवाय की त्यांची फजिती?"

"दोन्ही," मी म्हणालो. ती उठून आत गेली. तेव्हा तिचं ऐकलं असतं तर, हे म्हणायचा मला हक्क नाही, कारण मी ऐकणार नव्हतोच.

दुसऱ्या दिवशी ट्रक धुऊनपुसून कचेरीच्या आवारात उभा केला. शिपायाने येऊन नंबर ताडून पाहिला. दारातच वकीलबाईंनी मला गाठलं. खुशीत होत्या. "साहेबांचा कल आपल्या बाजूने आहे. तुम्हाला माहीत होतं असं दाखवणारं त्यांच्याकडे काहीच नाही. आज फक्त तोंड बंद ठेवा."

"मी ठेवतो," मी म्हणालो आणि साडूकडे बघितलं.

साहेब वयस्कर होते, नाकाच्या टोकावर चष्मा. वकीलबाई दोन मिनिटं बोलल्या. साहेबांनी मान हलवली, आणि विचारायचं म्हणून विचारलं, "आणखी कुणाला काही सांगायचंय?"

साडू उभा राहिला. वकीलबाईंनी चमकून त्याच्याकडे आणि मग माझ्याकडे बघितलं. मी समोर भिंतीकडे बघत होतो. तो अडखळत, पण सगळं बोलला. चहा केला तेही सांगितलं. उशीखालून चावी काढून दिली तेही. यांना काही माहीत नव्हतं, सगळं मला माहीत होतं, गुन्हेगार मी, असं म्हणून त्याने हात जोडले. कोपऱ्यातली टंकलेखिका एकेक शब्द उतरवून घेत होती. तो आवाज मला इतका गोड वाटत होता की तो थांबूच नये असं वाटत होतं. वकीलबाईंनी पेनाला टोपण लावलं आणि पेन पिशवीत टाकलं.

साहेब माझ्याकडे वळले. "हे खरं आहे? चावी तुम्ही स्वतः दिली?"

"खरं आहे, साहेब!" मी छाती पुढे काढून म्हणालो.

"देताना विचारलंत, ट्रकमध्ये काय भरणार?"

"घरच्या माणसाला कोण विचारतं, साहेब?"

साहेबांनी चष्मा काढला. त्यांनाही ते आवडलं नसावं, कारण ते आवाज खाली आणून बोलले. "हे बघा, मालकाला माहीत नव्हतं, हे मी मानतो. पण कायदा तेवढ्यावर थांबत नाही. मालकाने ज्याच्या हाती गाडी सोपवली, त्यालाही माहीत नसायला हवं, आणि दोघांनी काळजी घेतलेली हवी. आत्तापर्यंत चालवणारा कोण, कुणी नेला, काही कळत नव्हतं. त्याचा फायदा तुम्हाला मिळत होता. आता तुमचा माणूस स्वतः म्हणतोय की त्याला सगळं माहीत होतं, आणि तुम्ही म्हणताय की त्याला तुम्हीच दिला आणि काही विचारलं नाही. मी काय करू?"

मी वकीलबाईंकडे बघितलं. "मी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं," त्या म्हणाल्या. चिडून नाही, दमून. वर अपील करता येईल म्हणाल्या, पण ते म्हणताना त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही.

हात दाखवून अवलक्षण ते हेच. ट्रक सरकारजमा झाला. साडूवर लाकूडचोरीचा खटला वेगळा चालेल, त्याने उद्या येऊन जबाब द्यावा, असं ठरलं. आणि शेवटी साहेबांनी आणखी एक ओळ सांगितली, टंकलेखिकेने ती टक टक उतरवली: वाहन वेळेवर हजर केलं असल्यामुळे जामीनदार मोकळा, त्याच्या घरावर आता कसलाही बोजा नाही.

बाहेर आलो तेव्हा शिपाई माझ्या ट्रकच्या काचेवर कागद चिकटवत होता. वकीलबाई दुसऱ्या एका खटल्याच्या तारखेला निघून गेल्या. मी कठड्याला धरून उभा राहिलो. इतके दिवस ज्या माणसाला मातीत लोळताना बघायचं होतं, तो लोळला होता. त्याच्यावर खटला होता, त्याची बायको त्याच्याशी बोलत नव्हती. सगळं माझ्या मनासारखं झालं होतं. फक्त ट्रक माझा राहिला नव्हता.

साडू मागून आला. डोळे लाल, पण चेहरा कसा हलका, ताप उतरलेल्या माणसासारखा. त्याने माझा हात दोन्ही हातांत घेतला.

"तुमचे उपकार विसरणार नाही मी," तो म्हणाला. "मला वाटलं होतं, तुम्ही ट्रक आणणारच नाही. तुम्ही आणलात. घर वाचवलंत माझं."

मी त्याच्या चेहऱ्यात टोमणा शोधला. नव्हता. तो मनापासून बोलत होता, आणि ते टोमण्यापेक्षा वाईट होतं. मी हात सोडवून घेतला.

त्याने आवाराबाहेर लावलेली आपली स्कूटर काढली, चालू केली, आणि एक पाय टेकवून माझ्यासाठी थांबला. "बसा. सोडतो घरी."

मनात आलं, तंगड्या तुटेपर्यंत चालत जावं, पण याच्या मागे बसू नये. वळून एकदा ट्रककडे बघितलं. शिपाई कागदाचे कोपरे अंगठ्याने दाबत होता.

"कसं जाणार नाहीतर?" साडू म्हणाला.

मी बसलो.